नेगेव वाळवंटातले ज्यू: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अलिबाग, पेण, रोहा, ठाणे या पट्ट्यात अजूनही एखादं घर सापडतं, ज्यांचे आत्याचे किंवा काकांचे लोक 'दिमोनाला असतात'. दिमोना म्हणजे इस्रायलच्या दक्षिणेकडच्या नेगेव वाळवंटातलं गाव. कोकणातली ही माणसं, म्हणजे बेने इस्रायल ज्यू, तिथे कशी पोचली, आणि त्यांच्याआधी त्या रेताड मुलखात कोणते ज्यू राहत होते, याबद्दल सारखं विचारलं जातं. त्यातले नेहमीचे प्रश्न खाली घेतले आहेत.

नेगेव नेमकं कुठे आहे? त्याला सरहद्द का म्हणतात?

नकाशावर इस्रायल पाहिलं तर खाली निमुळता होत गेलेला जो त्रिकोण दिसतो, तो नेगेव. पश्चिमेला गाझा आणि इजिप्तचा सिनाई, पूर्वेला जॉर्डन, अगदी दक्षिण टोकाला तांबड्या समुद्रावरचं एलात बंदर. देशाच्या निम्म्याहून अधिक जमीन एवढ्या भागात आहे, पण लोकवस्ती विरळ.

सरहद्द इथे दोन प्रकारची आहे. एक देशादेशांमधली, ती सगळ्यांना कळते. दुसरी पावसाची. बीरशेबा शहरात वर्षाला साधारण २०० मिलिमीटर पाऊस पडतो, एलातला ३० मिलिमीटरसुद्धा होत नाही. बीरशेबाच्या उत्तरेला गहू-जव कसेबसे पिकतात. दक्षिणेला बाहेरून पाणी आणल्याशिवाय किंवा ओढ्याला आलेला लोंढा अडवल्याशिवाय काही उगवत नाही. इथल्या वस्त्यांचा इतिहास समजून घ्यायचा तर ही दुसरी सरहद्द आधी लक्षात ठेवावी लागते. राज्य बळकट असलं की वस्ती दक्षिणेकडे सरकते, ते ढिलं पडलं की मागे हटते.

ज्यू लोक तिथे प्राचीन काळापासून सलग राहत आले आहेत का?

नाही. मध्ये शतकानुशतकांची खिंडारं आहेत. प्रचाराच्या पुस्तिकांमध्ये ती भरून काढलेली दिसतात, उत्खननात दिसत नाहीत.

मग प्राचीन पुरावे कोणते?

तेल अराद आणि तेल बीरशेबा ही दोन ठिकाणं महत्त्वाची. अराद हा यहुदा या प्राचीन ज्यू राज्याचा दक्षिण सीमेवरचा किल्ला. योहानान अहारोनी यांनी १९६०च्या दशकात तिथे उत्खनन केलं, तेव्हा किल्ल्याच्या आतच एक छोटं मंदिर निघालं. त्याच्या गाभाऱ्यासमोर दोन धूपवेद्या होत्या. त्यांवरचा काळा थर २०२० साली तपासला, तर एकीवर ऊद आणि दुसरीवर चक्क भांग निघाली! पूजा जेरुसलेमच्या मंदिरातच व्हावी, असं ठासून सांगणाऱ्या धर्मग्रंथांच्या काळात सीमेवरची शिबंदी आपली पूजा आपल्या पद्धतीने उरकत होती, एवढं त्यावरून नक्की म्हणता येतं.

त्याच किल्ल्यात खापरांवर शाईने लिहिलेली पत्रं सापडली. एल्याशिब नावाच्या अधिकाऱ्याला हुकूम आहेत : अमक्यांना इतकी दारू दे, इतकं पीठ दे, तेल मोहोरबंद करून पाठव. इसवी सनापूर्वी सहाव्या शतकाच्या सुरुवातीचा, राज्य बुडण्याच्या बेतात असतानाचा हा कोठीचा हिशोब.

बीरशेबाला चार कोपऱ्यांना शिंगं असलेली दगडी वेदी मिळाली. तीही सुटी, तिचे दगड कोठाराच्या भिंतीत वापरून टाकलेले. तेल बीरशेबा २००५ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे.

बाबथा कोण होती? तिचं नाव सारखं का येतं?

कारण त्या वाळवंटी कडेला राहणाऱ्या सामान्य ज्यू माणसाचं आयुष्य तिच्याइतकं तपशीलवार दुसऱ्या कुणाचंच आपल्याला माहीत नाही.

बाबथा मृत समुद्राच्या दक्षिण टोकाजवळ माहोझा नावाच्या गावी राहायची. गाव आधी नबाती या व्यापारी अरब लोकांच्या राजांचं होतं, इसवी सन १०६ मध्ये रोमन साम्राज्यात गेलं. तिच्याकडे खजुराच्या बागा होत्या. १२७ साली रोमन जनगणनेत तिने चार बागा नोंदवल्या, त्यांच्या चतुःसीमांसकट. सातबारा ज्यांनी कधी हातात धरला आहे, त्यांना तो कागद वाचताना अजिबात परकं वाटणार नाही.

पहिला नवरा वारला, मुलगा लहान. मुलाच्या इस्टेटीवर दोन पालक नेमले गेले, एक ज्यू आणि एक नबाती. ते मुलाच्या खर्चाला महिन्याला फक्त दोन दिनार देत. बाबथाने दावा लावला. पैसे माझ्या ताब्यात द्या, मी माझी मालमत्ता तारण ठेवते आणि जास्त व्याज देते, असा तिचा प्रस्ताव होता. तिने दुसरं लग्न केलं, तर त्या नवऱ्याला आधीची बायको होतीच. तो गेल्यावर सवतीशी इस्टेटीवरून भांडण. हे सगळं ग्रीक, अरामी आणि नबाती भाषांतल्या ३५ कागदांमध्ये आहे. बाबथाला स्वतःला लिहिता येत नव्हतं. तिच्या वतीने दुसरे सही करत.

शेवटचा कागद १३२ सालचा आहे. त्याच वर्षी रोमनांविरुद्ध बार कोखबाच्या नेतृत्वाखाली ज्यूंचा उठाव पेटला. बाबथाने कागद चामड्याच्या थैलीत घालून नाहाल हेवेरच्या कड्यातल्या गुहेत नेऊन लपवले. ती ते परत घ्यायला आली नाही. १९६१ मध्ये यिगाएल यादिन यांच्या पथकाला ती थैली जशीच्या तशी मिळाली.

या कागदांतून मला सगळ्यात मोलाचं वाटतं ते ज्यू आणि नबाती यांचं शेजार. बागेची एक हद्द याची, दुसरी त्याची. साक्षीला दोन्हीकडचे लोक. सीमेवरची गावं बहुधा अशीच असतात. तटबंदी राजधानीतल्या लोकांच्या डोक्यात जास्त असते.

त्यानंतर काय झालं?

बायझंटाईन काळात, म्हणजे चौथ्या ते सातव्या शतकात, नेगेवच्या आतल्या भागात अवदात, शिवता, हालुत्सा ही गावं भरभराटीला आली. पण ती नबातींनी वसवलेली आणि पुढे ख्रिस्ती झालेली. ज्यू वस्त्या कडेकडेने होत्या. निरीम किबुत्झजवळ (किबुत्झ म्हणजे सामुदायिक मालकीची शेतीवस्ती) १९५७ मध्ये सहाव्या शतकातल्या माओन इथल्या सिनेगॉगची, म्हणजे ज्यू प्रार्थनास्थळाची, रंगीत फरशी उघडी पडली. तिच्यावर सात फांद्यांची दीपमाळ आणि सिंह आहेत. मृत समुद्राच्या दक्षिणेला झोआरच्या दफनभूमीत ज्यू थडगी आहेत, त्यांवर मृत्यूचं वर्ष '(जेरुसलेमचं) मंदिर पडल्यापासून इतकं' असं मोजलेलं. एलातच्या आखाताच्या तोंडाशी योताबे बेटावर ज्यू स्वायत्तपणे राहत होते आणि सम्राट जस्टिनियनच्या कारकिर्दीत ती स्वायत्तता गेली, असं इतिहासकार प्रोकोपियसने लिहून ठेवलं आहे.

मग मोठी पोकळी. अरब विजयानंतर आयला (आजचं अकाबा) बंदरात काही काळ ज्यू होते, पण आतला प्रदेश हळूहळू बदाऊनी (भटक्या अरब) टोळ्यांचा झाला आणि विसाव्या शतकापर्यंत त्यांचाच राहिला.

आधुनिक काळातली पहिली ज्यू वस्ती कोणती?

साधारणपणे रुहामाचं नाव घेतात, १९११ साली उत्तर नेगेवच्या कडेला सुरू झालेला मळा. पहिल्या महायुद्धात तो ओस पडला, १९२९ च्या अरब-ज्यू दंगलीत उद्ध्वस्त झाला आणि १९४४ मध्ये किबुत्झ म्हणून पुन्हा उभा राहिला. बीरशेबा शहर तुर्कांनी १९०० साली कचेरीचं गाव म्हणून वसवलं. तिथे मोजकी ज्यू कुटुंबं होती, तीही दंगलींच्या काळात निघून गेली.

१९४३ मध्ये गवुलोत, रेविविम आणि बेत एशेल अशी तीन ठाणी वसवली गेली. इथे माती कशी आहे, पाऊस किती पडतो, काय पिकतं हे मोजणं हे त्यांचं घोषित काम. खरं कामही तेवढंच राजकीय होतं. तेव्हाच्या ब्रिटिश अमलाखालच्या पॅलेस्टाईनची फाळणी होणार हे दिसत होतं आणि जिथे आपली माणसं नाहीत ती जमीन आपल्या वाट्याला येणार नाही, हेही. म्हणून ऑक्टोबर १९४६ मध्ये योम किप्पुर या प्रायश्चित्ताच्या दिवसाचा उपास सुटल्यावर त्याच रात्री एकदम अकरा वस्त्या उभारल्या गेल्या. बेएरी, निरीम, हात्झेरीम, नेवातिम, उरीम ही त्यांतली काही नावं.

तिथे आधीच राहणाऱ्या बदाऊनी लोकांचं काय झालं?

१९४८ पूर्वी नेगेवमध्ये ६५ ते ९० हजार बदाऊनी होते असे अंदाज आहेत. इस्रायलच्या स्थापनेच्या वेळच्या युद्धानंतर उरले सुमारे ११ हजार. बाकीचे पळाले किंवा हाकलले गेले आणि गाझा, जॉर्डन, सिनाईत निर्वासित झाले. बीरशेबा इस्रायली सैन्याने २१ ऑक्टोबर १९४८ ला घेतलं, तिथले अरब रहिवासीही गेले. संयुक्त राष्ट्रांच्या फाळणीच्या आराखड्यात हे शहर अरब राज्याच्या बाजूला होतं.

उरलेल्यांना बीरशेबाच्या पूर्वेला एका आखून दिलेल्या पट्ट्यात हलवलं गेलं. १९६६ पर्यंत त्यांच्यावर लष्करी अंमल होता, बाहेर जायला परवाना लागायचा. पुढे राहातसारखी शहरं त्यांच्यासाठी बांधली. आज नेगेवमध्ये सुमारे तीन लाख बदाऊनी आहेत आणि बऱ्याच जणांची गावं सरकारदप्तरी अस्तित्वातच नाहीत. त्यामुळे तिथे वीज नाही, नळ नाही, वर घर पाडायची नोटीस कधीही येऊ शकते. वाळवंट 'रिकामं' होतं या वाक्यावर म्हणूनच माझा विश्वास नाही.

बेन-गुरियन खरंच वाळवंटात जाऊन राहिले होते?

हो. इस्रायलचे हे पहिले पंतप्रधान. १९५३ मध्ये ते पद सोडून ते स्दे बोकेर या नव्या किबुत्झवर राहायला गेले. नंतर पुन्हा सत्तेत आले, पण अखेर तिथेच. १९७३ मध्ये वारले. झिन खोऱ्याच्या कड्यावर त्यांची आणि पत्नी पॉला यांची समाधी आहे. वाळवंट वसवा या त्यांच्या हाकेला ओ देऊन तेल अवीवची शिकलेली मंडळी मात्र फारशी दक्षिणेला गेली नाहीत.

मग वाळवंटात नेमकं कोण राहायला गेलं?

ज्यांना नाही म्हणता येत नव्हतं, ते.

येरुहाम आणि स्देरोत १९५१ चे, दिमोना आणि ओफाकिम १९५५ चे, नेतिवोत १९५६ चं. या 'विकास शहरां'ची योजना कचेरीत बसून आखली होती. सीमेवर माणसं हवीत, किनाऱ्यावरची गर्दी कमी व्हायला हवी आणि नवे लोक तर रोज बोटींनी येत आहेत. मोरोक्को आणि ट्युनिशियातून आलेल्या कुटुंबांना हैफा बंदरावरून थेट ट्रकमध्ये बसवून नेलं जायचं, पुष्कळदा रात्री. शहराच्या जवळच जात आहोत असं सांगितलेलं असे. उजाडल्यावर आजूबाजूला पत्र्याच्या आणि लाकडी खोल्या आणि धूळ. काही जणांनी ट्रकमधून उतरायलाच नकार दिला, अशा कितीतरी कहाण्या आहेत.

काम मिळायचं ते झाडं लावण्याचं, रस्ते फोडण्याचं. मृत समुद्राच्या काठी पोटॅशच्या कारखान्यात जायचं तर उन्हाळ्यात चाळीस अंशांच्या वर. दिमोनात कितानसारख्या कापड गिरण्या निघाल्या. किबुत्झवाल्यांचं नाव 'पायोनियर' म्हणून पाठ्यपुस्तकात गेलं. दिमोना-येरुहामच्या लोकांना मात्र मदतीवर जगणारे मागास लोक असं पुढे किती वर्षं ऐकावं लागलं! संख्येचं बघायचं तर नेगेव या दुसऱ्या लोकांनी वसवलं. १९७७ मध्ये मजूर पक्षाची सत्ता पहिल्यांदा गेली आणि मेनाहेम बेगिन निवडून आले, त्यात या गावांच्या रागाचा वाटा मोठा होता.

नेतिवोतचा एक वेगळा पैलू आहे. मोरोक्कोच्या ताफिलाल्त या सहाराकाठच्या मरूद्यानातले रब्बी (ज्यू धर्मगुरू) इस्राएल अबूहात्झेरा ऊर्फ बाबा साली तिथे राहायला आले आणि १९८४ मध्ये तिथेच वारले. त्यांच्या पुण्यतिथीला आता प्रचंड गर्दी लोटते. एका वाळवंटाच्या कडेचा संत दुसऱ्या वाळवंटाच्या कडेला मान्यता पावला.

कोकणातले बेने इस्रायल नेगेवमध्ये कसे पोचले?

बेने इस्रायल म्हणजे आपले शनिवार तेली. नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटून सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, ही त्यांची मूळकथा. तेल गाळायचं, शनिवारी घाणा बंद ठेवायचा. आडनावं गावांवरून : नवगावकर, पेणकर, रोहेकर, दिवेकर. एकोणिसाव्या शतकापासून पुष्कळ जण मुंबईला आले आणि लष्करात, रेल्वेत, पोलिसात, इस्पितळांत, कारकुनीत शिरले. स्वातंत्र्याच्या सुमारास भारतात त्यांची संख्या सुमारे २० हजार होती.

भारतात त्यांचा छळ झाला म्हणून ते गेले, असं कुणी म्हणत असेल तर ते चूक आहे. धर्माची ओढ होती, नवं राष्ट्र उभं राहत होतं. इंग्रज गेल्यावर नोकऱ्यांचं काय, ही धास्ती होती. आणि एक भाऊ गेला की दुसरा जातोच. १९४९-५० पासून कुटुंबं निघू लागली. तिथे उतरल्यावर ज्यू एजन्सीने (बाहेरून येणाऱ्या ज्यूंना वसवणाऱ्या संस्थेने) त्यांना जिथे जागा होती तिथे पाठवलं : बीरशेबा, येरुहाम, पुढे दिमोना, शिवाय लोद, रामला, अश्दोद. अलिबागला वर्षाला दोन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. बीरशेबाला त्याच्या दहाव्या हिश्श्याइतका. आणि हातात लेखणीऐवजी कुदळ.

त्यांच्यातले काही जण भारतात परत आले, हे खरं का?

खरं आहे. १९५१-५२ मध्ये बीरशेबाच्या बाजूला ठेवलेल्या काही कुटुंबांनी धरणं धरलं, उपोषण केलं. आम्हाला कातडीच्या रंगावरून वेगळं वागवतात, हलकी कामं देतात, इतरांना पांढरा पाव आणि आम्हाला काळा, अशा तक्रारी होत्या. आम्हाला घरी पाठवा, ही एकच मागणी. शेवटी १९५२ मध्ये शंभराहून अधिक जणांना विमानाने मुंबईला आणलं गेलं. धरणं धरून मागणी मान्य करून घ्यायची रीत ते कुठे शिकले होते, हे मराठी वाचकाला सांगायला नको. गंमत म्हणजे त्यांतले बरेच जण काही काळाने पुन्हा इस्रायलला जायला तयार झाले आणि गेलेही.

१९६४ चा लग्नांचा वाद काय होता?

हा जास्त खोल घाव होता. इस्रायलमध्ये ज्यूंची लग्नं धर्मपीठाच्या परवानगीने होतात. बेने इस्रायल शतकानुशतकं बाकीच्या ज्यू जगापासून दूर राहिलेले. तेव्हा त्यांचे पूर्वीचे घटस्फोट शास्त्राप्रमाणे झाले होते का, बाहेरच्यांशी लग्नं झाली होती का, अशा शंका काही रब्बींनी काढल्या. १९६२ मध्ये मुख्य रब्बी यित्झाक निस्सिम यांच्या कार्यालयाने फर्मान काढलं की बेने इस्रायल वधूवरांच्या मागच्या पिढ्या तपासाव्यात. तपासणी फक्त त्यांचीच.

दोन वर्षं निदर्शनं झाली. १९६४ च्या उन्हाळ्यात देशभरातून लोक जेरुसलेमला येऊन बायकापोरांसकट बसले. ऑगस्टमध्ये पंतप्रधान लेव्ही एश्कोल यांच्या सरकारने संसदेत जाहीर केलं की बेने इस्रायल सर्व बाबतींत पूर्ण ज्यू आहेत, आणि धर्मपीठाला फर्मान बदलावं लागलं. दिमोनातल्या जुन्या पिढीला हा लढा १९४८ च्या युद्धाइतका जवळचा आहे.

कोचीचे ज्यूही तिथे आहेत ना?

आहेत, पण वेगळ्या ठिकाणी. बीरशेबाजवळच्या नेवातिम या मोशावात (शेतकऱ्यांच्या सहकारी गावात) १९५४ पासून मल्याळी ज्यू राहतात. आधीची वस्ती मोडली होती, ती यांनी उभी केली. शेती आणि फुलं पिकवली. गावात कोचीच्या धर्तीचं सिनेगॉग आणि छोटं संग्रहालय आहे.

दिमोनात अजून मराठी ऐकू येतं का?

साठीच्या पुढच्यांकडून, हो. मधल्या पिढीला समजतं, नातवंडं हिब्रू बोलतात. 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक इस्रायलमधून निघत आलं आहे. बायकांचे गट मराठी गाणी आणि बायबलमधल्या कथांवरची कीर्तनं म्हणतात. ही कीर्तनं मुंबईत १८८० च्या सुमारास सुरू झाली. नारदीय थाट आणि आख्यान अब्राहामाचं किंवा योसेफाचं!

मलिदा सुटलेला नाही. पोहे, नारळ, गूळ, वेलची, फळं, आणि एलियाहू हनाबी या प्रेषिताचं स्मरण. अलिबागजवळ खंडाळ्याला त्याचा 'टापा' (खडकावरची त्याची खूण) आहे, तिथे बेने इस्रायल नवस फेडायला जात. इस्रायलमध्ये त्याच्याऐवजी हैफाची एलियाहूची गुहा. नव्या वर्षाला चिकाचा हलवा होतो. दिमोनात भारतीय किराणा मालाची दुकानं आहेत, त्यामुळे पोह्यांची अडचण नाही. क्रिकेटही टिकलं ते दिमोना, बीरशेबा, लोद, अश्दोद इथल्या याच लोकांमुळे.

दिमोनात आफ्रिकी-अमेरिकी लोक दिसतात, ते कोण?

बेन अम्मी या त्यांच्या धर्मनेत्याच्या मागोमाग शिकागोहून लायबेरियामार्गे १९६९ मध्ये आलेला समुदाय. आम्हीच मूळचे इस्रायली, असं ते मानतात. धर्मपीठ त्यांना ज्यू मानत नाही. २००३ मध्ये त्यांना कायम रहिवासाचा हक्क मिळाला. पूर्ण शाकाहारी आहेत, दूधही वर्ज्य.

आणि दिमोनाची ती अणुभट्टी?

१९५०च्या दशकाच्या अखेरीस फ्रान्सच्या मदतीने गावाबाहेर बांधायला घेतली. सुरुवातीला कापड गिरणी आहे असं सांगत. दिमोनात खरोखरच गिरण्या असल्यामुळे ते खपूनही गेलं असावं.

ठिबक सिंचन नेगेवमधूनच आलं का?

धंदा म्हणून, हो. अभियंता सिम्खा ब्लास यांनी ठिबकाची तोटी विकसित केली आणि १९६५ मध्ये हात्झेरीम किबुत्झने नेताफिम कंपनी काढून ती विकायला सुरुवात केली. १९४६ च्या त्या अकरा वस्त्यांपैकीच हे हात्झेरीम. नाशिकची द्राक्षं आणि जळगावची केळी आज ज्या पद्धतीच्या नळ्यांवर उभी आहेत, तिची एक शाखा तिथवर जाते. पण नेगेवला मोठं पाणी मिळालं ते उत्तरेकडून आणलेल्या जलवाहिन्यांनी, विशेषतः १९६४ च्या राष्ट्रीय कालव्याने. ठिबकाने वाळवंट फुलवलं ही गोष्ट अर्धीच खरी आहे.

७ ऑक्टोबर २०२३ ला हल्ला झाला तो याच भागात?

नेगेवच्या पश्चिम कडेला. बेएरी, निर ओझ, स्देरोत, ओफाकिम या गावांवर हमासने हल्ला केला. सुमारे १,२०० माणसं मारली गेली, २५१ जणांना ओलीस नेलं. मृतांमध्ये आणि ओलिसांमध्ये बदाऊनीही होते. त्यानंतरच्या युद्धात गाझामध्ये हजारो पॅलेस्टिनी मारले गेले. कित्येक किबुत्झ काही काळ पूर्ण रिकामी झाली.

तिकडे गेलं तर काय पाहावं?

तेल अरादचा किल्ला आणि अवदात पाहाच, पण भर उन्हाळा टाळून. अरादच्या गाभाऱ्यातल्या मूळ वेद्या आणि बीरशेबाची शिंगांची वेदी जेरुसलेमच्या इस्रायल म्युझियममध्ये आहेत, जागेवर प्रतिकृती ठेवल्या आहेत. नेवातिमच्या संग्रहालयात जायचं तर आधी फोन करून विचारलेलं बरं. दिमोनाला शुक्रवारी दुपारच्या आत पोचा, कारण नंतर शब्बाथसाठी दुकानं बंद होतात ती शनिवारी दिवस मावळल्यावरच उघडतात.